पाठलाग, मेरा साया आणि एक वही

गेल्या रविवारी नातवाने टीव्हीवर यूट्यूब लावून दिले आणि कितीतरी वर्षांनी 'पाठलाग' पाहिला. राजा परांजपे यांचा, १९६४ सालचा. नातू पाच मिनिटे बसला, "आबा, यात रंगच नाहीत!" म्हणाला आणि उठून गेला.

नाहीत खरे. त्या काळचा मराठी चित्रपट म्हणजे काटकसरीचा संसार. दोन वर्षांनी राज खोसलांनी हीच कथा घेऊन 'मेरा साया' काढला, तेव्हा रंग आले, उदयपूर आले, साधना आणि सुनील दत्त आले, बरेलीच्या बाजारातले ते झुमक्याचे गाणे आले. मी आधी 'मेरा साया'च पाहिला होता आणि तोच मूळ चित्रपट समजत होतो. आजही पुष्कळांचा तसाच समज आहे. पण रहस्यपट म्हणून विचाराल तर माझे मत 'पाठलाग'ला. संशयाला काळोख पुरतो, रंग लागत नाहीत. हॉलिवूडमध्येही १९४५ साली 'डीटूर' नावाचा असाच कादंबरीवर बेतलेला, अगदी स्वस्तातला चित्रपट निघाला होता, तो लोक अजून पाहतात. कथा घट्ट असली की बाकीचे भागून जाते.

'पाठलाग'ची कथा जयंत देवकुळे यांची. कादंबरीचे नाव 'आशा परत येते'. एका वकिलाची बायको वारते. पुढे पोलिसांच्या ताब्यातली एक बाई हुबेहूब तिच्यासारखी निघते आणि म्हणते, मीच तुमची बायको. फक्त नवरा-बायकोला ठाऊक असाव्यात अशा गोष्टी ती सांगते. नवरा मानायला तयार नाही. शेवट सांगत नाही, ज्यांनी पाहिला नसेल त्यांनी पाहावा.

वकील झालेत डॉ. काशिनाथ घाणेकर, बायको भावना. घाणेकर म्हटले की लोकांना संभाजी नाहीतर लाल्या आठवतो. आमच्या बाळकुमपासून जवळच, हिरानंदानी मेडोजला, त्यांच्या नावाचे नाट्यगृह आहे. तिथे नाटकाला येणाऱ्या किती जणांना हा वकील माहीत असेल, कोण जाणे. (आणि गदिमांचे शब्द, दत्ता डावजेकरांची चाल, आशाबाईंचा आवाज... ते गाणे रात्री एकट्याने ऐकू नये.)

सगळे म्हणतात, यातले रहस्य म्हणजे 'ती बाई कोण?' मला या वेळी तसे वाटले नाही. बायकोबद्दल या वकिलाला नेमके माहीत तरी काय होते, हे खरे रहस्य.

असे वाटण्याला कारण आहे. १९८०च्या सुमारास हा चित्रपट आम्ही दोघांनी दूरदर्शनवर पाहिला होता. संपल्यावर ही म्हणाली, "मला निम्म्यातच कळलं होतं." मी हसलो. म्हटले, "तुला काय कळतंय रहस्यातलं!"

मी मराठीचा मास्तर, बी.ए. मराठी घेऊन केलेले. वर्गात कुणाच्या दप्तरात बाबूराव अर्नाळकर सापडले की जप्त! हजारावर रहस्यकथा लिहिणारा हा माणूस माझ्या लेखी लेखकच नव्हता. घरीही कायदा तोच.

ही गेली त्याला आता सहा वर्षे झाली. नंतर कपाट आवरताना साड्यांखाली एक दोनशे पानी वही सापडली. हिच्या अक्षरात पुस्तकांची नावे, पुढे तारीख आणि शेरा. अर्नाळकर, गुरुनाथ नाईक, सुहास शिरवळकर... पाने भरलेली. मी शाळेत गेल्यावर दुपारी वाचत असणार. पुस्तके भाजीच्या पिशवीतून येत असणार. शेरे दोनच, 'ओळखले' आणि 'नाही ओळखले'.

एका पानावर 'आशा परत येते'. तारीख १९७६ची, म्हणजे आम्ही चित्रपट पाहिला त्याच्या आधीची. पुढे लिहिले आहे, 'नाही ओळखले'.

म्हणजे त्या रात्री हिला शेवट आधीपासूनच ठाऊक होता. पुस्तक वाचले आहे, एवढे मला सांगण्याची सोय मी ठेवली नव्हती.

ती कादंबरी मी अजून वाचलेली नाही. येत्या आठवड्यात ठाण्याच्या मराठी ग्रंथसंग्रहालयात जाऊन विचारणार आहे. आपल्यापैकी कुणाकडे जुनी प्रत असेल तर जरूर कळवावे. वाचून, कव्हर घालून परत करीन.