डावा डोळा

आमच्या लातूरच्या ऑफिसात कडक लेडी बॉसचं नाव पोरांनी ठरवून टाकलंय : ललिता पवार. तिकडे नांदेडला आमच्या गल्लीत खाष्ट सासूलाही हेच नाव होतं. १९८७ मध्ये 'रामायण' लागलं, बाईंची मंथरा दर रविवारी घरात यायला लागली आणि मग तर विषयच संपला. गंमत म्हणजे नाव ठेवणाऱ्या निम्म्या मंडळींनी त्यांचा एकही अख्खा पिक्चर पाहिलेला नाही!

तर जरा बायोडेटा बघू. जन्म १९१६, येवला. पाळण्यातलं नाव अंबा. सिनेमा अजून बोलत नव्हता तेव्हाच बालकलाकार म्हणून आल्या. १९३२ च्या 'कैलाश' या मूकपटात काम तर केलंच, वर निर्मितीतही वाटा उचलला. वय जेमतेम सोळा. (आपण त्या वयात गाईड पाठ करत होतो.) पुढे हिरॉइन झाल्या, सगळं छान चाललेलं.

मग १९४२. 'जंग-ए-आझादी'चं शूटिंग. सीन एवढाच, की भगवानदादांनी त्यांच्या कानाखाली द्यायची. ती खरोखरच जोरात बसली. चेहऱ्याला लकवा मारला. उपचार लांबले, चेहरा बराचसा सावरला, पण डावा डोळा बारीक राहिला तो राहिलाच. सव्विसाव्या वर्षी हिरॉइनचं प्रोफाइल खलास.

दुसरी कुणी घरी बसली असती. या बाई १९४४ मध्ये प्रभातच्या 'रामशास्त्री'त आनंदीबाई होऊन उभ्या राहिल्या! 'ध'चा 'मा' करणारी बाई, आणि तो बारीक डोळा. बस्, इंडस्ट्रीला सासू सापडली. १९५० मध्ये शांतारामबापूंचा 'दहेज', १९६१ मध्ये 'जंगली'तली शम्मी कपूरला हसूही न देणारी आई, अशी रांगच लागली.

पण माझं मत विचाराल, तर त्यांचा खरा माल दुसरीकडे आहे. 'श्री ४२०'मधली केळेवाली आठवा. नाहीतर १९५९ च्या 'अनाडी'तली मिसेस डिसा. घरमालकीण, राज कपूरवर सतत डाफरणारी आणि त्याच्यावर पोटच्या पोरासारखा जीव लावणारी. भेसळीच्या औषधाने ती जाते, आळ राजवर येतो आणि सगळी गोष्टच तिथून फिरते. म्हणायला साइड रोल! फिल्मफेअरही मिळालं ते याच भूमिकेसाठी, कुठल्या सासूसाठी नव्हे.

मूकपटापासून टीव्हीपर्यंत बाई कामात राहिल्या. २४ फेब्रुवारी १९९८ ला पुण्यात गेल्या. त्यांच्या वेळच्या किती हिरॉइन्सची नावं तुम्हाला आज सांगता येतील? मला दोन-तीनच आठवली.

या वीकेंडला 'अनाडी' लावा. घरात आई असेल तर तिलाही बसवा शेजारी. आणि रुमाल जवळ ठेवा, मिसेस डिसा रागावायला लागली की लागतो.