डिस्चार्जनंतर आलेला रिपोर्ट

बुऱ्हाणपूरचे पत्र सविस्तर आहे, नेपानगरचे तीन ओळींचे, रावेरचे चिडून लिहिलेले. तिन्हींचे दुखणे एकच. सिझेरियनच्या टाक्यांतल्या एंडोमेट्रिओसिसचे क्लेम परत येत आहेत. शस्त्रक्रियेवर कुणाचा आक्षेप नाही, बिलावरही फारसा नाही. आक्षेप कोडवर आहे. रुग्ण ओळखू येऊ नये म्हणून तिन्ही पत्रांतले तपशील एकत्र करून सांगतो. वाचताना अनेकांना आपलाच पेशंट वाटेल.

तिशीतली बाई, दोन सिझेरियन. आडव्या टाक्यांच्या डाव्या टोकाला टणक गाठ, वर्षभर. पाळीत ठणकते, पाळी संपली की बरे वाटते. सोनोग्राफीच्या रिपोर्टवर प्रश्नचिन्हासह ‘इन्सिजनल हर्निया’. जनरल सर्जनने उघडले तर हर्निया नाही. गाठ रेक्टस शीथला चिकटलेली. शीथच्या पट्टीसह काढली, नमुना पाठवला, तिसऱ्या दिवशी घरी सोडले. डिस्चार्जच्या काउंटरवरच्या मुलाने सोनोग्राफीचा कागद पाहून के ४३, म्हणजे हर्नियाचा कोड, टाकला. नमुना बाहेरगावी गेलेला, त्यामुळे एचपीई, म्हणजे गाठीच्या ऊतीचा तपासणी-अहवाल, आठवड्याने आला: एंडोमेट्रियल ग्रंथी आणि स्ट्रोमा. तोवर फाइल टीपीएकडे, म्हणजे विमा कंपनीसाठी क्लेम तपासणाऱ्या संस्थेकडे, पोचली होती. पॉलिसी दुसऱ्या वर्षात, हर्नियाला चोवीस महिन्यांचा प्रतीक्षाकाल, क्लेम नामंजूर. एचपीई जोडून पुन्हा पाठवल्यावर क्वेरी आली, ‘निदान नंतर का बदलले?’ त्याचे उत्तर दिले तर पुढची क्वेरी, ‘स्त्रीरोगाची शस्त्रक्रिया जनरल सर्जनने का केली?’

या दुसऱ्या प्रश्नाला काय उत्तर द्यावे ते रावेरच्या सभासदांनी विचारले आहे. त्यांनी स्वतः सुचवलेले उत्तर छापण्याजोगे नाही.

आता टीपीएवर तोंडसुख घेणे सोपे आहे आणि ते आपण घेऊच. पण आधी फॉर्मकडे पाहू. विमा नियामकाच्या प्रमाणित क्लेम फॉर्मचा भाग ‘ब’ रुग्णालयाने भरायचा असतो. त्यात आयसीडी-१० साठी चार चौकटी आहेत: मुख्य निदान, अतिरिक्त निदान, आणि सहव्याधींच्या दोन. त्यांच्या शेजारी शस्त्रक्रियेसाठी ‘आयसीडी-१० पीसीएस’ची चौकट. हे पीसीएस जागतिक आरोग्य संघटनेचे नाही. ती अमेरिकेची, तिथल्या रुग्णालयांच्या बिलांसाठी केलेली सात अक्षरी पद्धत आहे. म्हणजे निदान जीनिव्हाच्या यादीतून आणि शस्त्रक्रिया अमेरिकेच्या यादीतून, एकाच कागदावर. आपल्यापैकी किती जण ती सात अक्षरे भरतात? बहुतेक फॉर्मांत तिथे ‘एक्सिजन ऑफ लम्प’ असे लिहिलेले असते, आणि आजवर त्यावरून कुणाचा क्लेम अडलेला ऐकिवात नाही. जी चौकट कुणी वाचत नाही ती फॉर्मवर ठेवायची आणि जी वाचली जाते ती काउंटरवरच्या मुलावर सोडायची, असा हा कारभार आहे.

तिकडे आयुष्मानची तिसरीच तऱ्हा. राष्ट्रीय आरोग्य प्राधिकरणाने एप्रिल २०२२ मध्ये नवे हेल्थ बेनिफिट पॅकेज जाहीर करताना निदानासाठी आयसीडी-११ आणि उपचारांसाठी आयसीएचआय स्वीकारल्याचे सांगितले. तत्त्व म्हणून उत्तम. पण त्याच रुग्णालयात, त्याच टेबलावर, विम्याच्या पेशंटला आयसीडी-१०, आयुष्मानच्या पेशंटला ११, आणि वर्षअखेरीच्या अहवालाला पुन्हा १०. पुण्या-इंदूरच्या क्लासमधून अमेरिकन बिलिंगचे कोडिंग शिकून आलेला एखादा हुशार मुलगा त्यात चौथी भर घालतो. तो पोटाच्या भिंतीतल्या गाठीला एन ८०.सी१ च्या घरातला कोड देतो. कोड अचूक आहे, पण फक्त अमेरिकेत. त्यांनी १ ऑक्टोबर २०२२ पासून एन ८०, म्हणजे एंडोमेट्रिओसिसचा गट, फोडून त्यात डझनावारी नवे कोड घातले, अगदी त्वचेखालचे वेगळे आणि फॅशियातले वेगळे. आपल्या सॉफ्टवेअरला हे अक्षर माहीत नाही. ‘इनव्हॅलिड कोड’ असा शेरा येतो आणि बोलणी तो मुलगा खातो.

आपल्याकडे चालते ती जागतिक आरोग्य संघटनेची मूळ यादी. ८०.० ते ८०.५ मध्ये गर्भाशय, अंडाशय, नलिका, श्रोणीतले पेरिटोनियम, रेक्टोव्हजायनल पडदा आणि आतडे. ८०.६ म्हणजे त्वचेवरच्या व्रणातला. ८०.८ इतर, ८०.९ अनिर्दिष्ट. श्रोणीबाहेरच्या रोगासाठी एवढाच संसार, आणि त्यात ८०.८ ही अडगळीची खोली. मूत्राशय, मूत्रवाहिनी, व्रण नसलेली बेंबी, जांघेतला कालवा, डायफ्रॅम, फुप्फुस, सायटिक नर्व्ह, सगळे तिथेच ढकललेले. बेंबीतल्या गाठीचे वर्णन व्हिलार यांनी १८८६ मध्ये केले आणि या यादीत अजून तिला स्वतःचा कोड मिळालेला नाही. तरीही ८०.८ लिहिणे ८०.९ लिहिण्यापेक्षा शतपट बरे. ८०.९ चा अर्थ ‘कुठे आहे ते माहीत नाही’ असा होतो. गाठ तुम्ही हाताने काढली, फॉर्मॅलिनमध्ये टाकली, आणि कुठे होती ते माहीत नाही? मुमताज महल १६३१ मध्ये याच बुऱ्हाणपुरात बाळंतपणात गेली. बखरकार ‘बाळंतपण’ एवढे लिहून पुढे सरकले तर चालते. आपल्याला तशी मुभा नाही.

८०.६ वर एक खरा वाद आहे आणि त्याला बगल देता येणार नाही. यादीतले शब्द त्वचेच्या व्रणापुरते आहेत. आपल्या गाठी बहुधा त्याखाली, शीथमध्ये किंवा स्नायूत सापडतात. दोन टीपीएंनी ८०.६ याच कारणावर परत पाठवला असे नेपानगरचे पत्र सांगते. आमचे मत असे: शस्त्रक्रियेच्या व्रणाखाली, त्याच रेषेत असलेली गाठ ही व्रणातलीच, मग ती कातडीत असो की शीथमध्ये. मुख्य निदानाला ८०.६ द्या आणि समरीत खोली शब्दांनी लिहा. व्रणाशी संबंध नसलेल्या स्नायूतल्या गाठीला ८०.८. कुणाला हे पटत नसेल तर कारणांसह लिहावे, पुढच्या अंकात छापू. ‘आमच्याकडे असे चालत नाही’ हे मात्र कारण नव्हे.

आयसीडी-११ मध्ये ही अडचण सुटण्यासारखी आहे. जीए १० हा मूळ कोड, त्याला शरीरातल्या जागेचा जोडकोड लावता येतो. जागा जितकी नेमकी हवी तितकी. ॲडिनोमायोसिसला त्यांनी जीए ११ म्हणून वेगळे घरही दिले. ही आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू आहे. पण जोडकोड भरायला पोर्टलवर जागा लागते, आणि ती भरणाऱ्याला शिकवावे लागते. सेंट्रल ब्युरो ऑफ हेल्थ इंटेलिजन्स आयसीडीची प्रशिक्षणे घेते. त्यासाठी जिल्हा रुग्णालयाबाहेरच्या, वीस खाटांच्या नर्सिंग होममधल्या माणसाला बोलवायचे कुणाच्या मनात येते का?

हे दुखणे टाक्यांपुरते असते तर एवढी जागा खर्च केली नसती. चौथे पत्र छातीच्या डॉक्टरांचे आहे, ते सभासद नाहीत तरी लिहितात. उजव्या बाजूचा न्यूमोथोरॅक्स पुन्हा पुन्हा होणारी बाई. दर वेळी पाळी सुरू होण्याच्या आगेमागे बहात्तर तासांत. दर वेळी नळी घातली, दर वेळी जे ९३.९, म्हणजे अनिर्दिष्ट न्यूमोथोरॅक्स. तीन समऱ्या, तिन्हींत पाळीचा उल्लेख नाही. तिच्याआधीच्या एका पेशंटला उजव्या छातीतल्या पाण्यासाठी कुठलाही पुरावा नसताना ए १६.५ देऊन क्षयाची औषधे सुरू झाली होती. ए १६.५ ची व्याख्याच ‘पुराव्याचा उल्लेख नसलेला क्षयाचा प्लुरसी’ अशी आहे! क्षय आपल्याकडे इतका आहे की त्याचा संशय आधी घेण्यात गैर नाही. गैर आहे ते पाळीची तारीख न विचारण्यात. पाळीशी जोडलेला न्यूमोथोरॅक्सचा हा प्रकार वैद्यकीय वाङ्मयात १९५८ पासून नोंदलेला आहे. छातीच्या वॉर्डात एलएमपीचा, म्हणजे शेवटच्या पाळीच्या तारखेचा, रकाना असतो. तो बहुतेक रिकामा असतो.

म्हणून आता आपल्याच सभासदांशी दोन शब्द. कोड मुलगा टाकतो हे खरे, पण मुलगा वाचतो ते तुमचे अक्षर. ‘स्कार लम्प, एक्सिजन डन’ एवढ्यावर तो कोणता कोड शोधणार? लायपोमा, म्हणजे डी १७.१, हा त्याला पाठ असतो; टाक्याच्या ग्रॅन्युलोमाचाही असतो. आणि ‘सौम्य गाठी’ या शब्दांवरही अनेक पॉलिसींत प्रतीक्षाकाल आहे, तेव्हा एका खड्ड्यातून दुसऱ्यात. शल्यचिकित्सक म्हणतात, पाळीचे विचारणे आमचे काम नाही. स्त्रीरोगतज्ज्ञ म्हणतात, गाठ सर्जनकडे गेली, आमच्याकडे आलीच नाही. मध्य प्रदेशात सिझेरियनचे प्रमाण राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणाच्या चौथ्या आणि पाचव्या फेरीदरम्यान ८.६ वरून १२.१ टक्क्यांवर गेले, महाराष्ट्रात २५.४ टक्के, देशभरातल्या खासगी रुग्णालयांत ४७.४. सिझेरियनमागे या गाठीचे प्रमाण एक टक्क्याहून बरेच कमी असले तरी मुळातली संख्या वाढली की गाठीही वाढणार. त्या सर्जनकडेच येणार, आणि बाई ‘टाके पिकल्यासारखे दुखते’ असेच सांगणार.

करायचे काय? रिपोर्ट येण्याआधी डिस्चार्ज द्यावा लागतो, तो द्याच. खाट अडवून ठेवण्याचा सल्ला कुणी देत नाही. पण एचपीई येईपर्यंत अंदाजाचा हर्निया किंवा लायपोमा लिहू नका. आयसीडीचा नियमच आहे की दाखल काळाच्या अखेरीस निदान नक्की नसेल तर लक्षणाचा कोड द्यावा. धडावरच्या गाठीला आर २२.२ आहे. यावर ‘निदान नक्की नाही’ अशी क्वेरी येईल, येऊ द्या. समरीतच ‘एचपीई प्रतीक्षेत, अंतिम निदान त्यानुसार’ हे वाक्य टाका; मग नंतरच्या बदलाचा जाब विचारायला जागा उरत नाही. फाइल टीपीएला रिपोर्टनंतरच पाठवता आली तर सर्वांत चांगले. परतफेडीच्या क्लेममध्ये ते बहुधा शक्य असते, कॅशलेसमध्ये नसते. रिपोर्ट हाती पडला की मूळ समरीला तारखेसह पुरवणी जोडा, खाडाखोड करू नका. न्यूमोथोरॅक्समध्ये एंडोमेट्रिओसिस सिद्ध झाला तर एन ८०.८ आणि जे ९३ दोन्ही लिहा. चार चौकटी त्यासाठीच आहेत. आणि समरीत पाळीशी असलेला संबंध एका वाक्यात हवाच, कारण कोडवर शंका आली की तपासणारा डॉक्टर पहिल्यांदा तेच वाक्य शोधतो.

सर्जनने शस्त्रक्रिया का केली, या क्वेरीला एका ओळीचे उत्तर पुरे: गाठ पोटाच्या भिंतीत होती. त्याखाली सही, शिक्का, नोंदणी क्रमांक. पुढे वाद घालू नका. पुन्हा विचारले तर विमा कंपनीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडे आणि तिथून लोकपालाकडे जायला पेशंटला मदत करा. क्लेम तिचा आहे, तुमच्या एका ओळीच्या आळसाची किंमत ती भरते.

बुऱ्हाणपूरकरांना एक जादा सूचना. तुमचे पेशंट कार्ड मध्य प्रदेशचे घेऊन जळगाव-भुसावळला जातात. २०२२ मध्ये प्राधिकरणाने निदानगटांवर आधारित पैसे देण्याचा पथदर्शी प्रयोग ज्या पाच राज्यांत जाहीर केला त्यांत महाराष्ट्र आहे, मध्य प्रदेश नाही. ती पद्धत रुजली तर कोडवरूनच रक्कम ठरेल. तेव्हा रेफर करताना चिठ्ठीवर जागा, पाळीशी संबंध आणि आधीच्या शस्त्रक्रियेची तारीख लिहा. ‘ॲडव्हाइस्ड हायर सेंटर’ एवढ्यावर थांबू नका.

हे सगळे घेऊन राज्याच्या यंत्रणेकडे जायचे तर हातात आकडे लागतील आणि आज ते कुणाकडेच नाहीत. असणार कसे, सगळे के ४३ आणि डी १७ मध्ये विखुरलेले. म्हणून प्रत्येक सभासदाने आपले ऑपरेशन रजिस्टर काढावे, गेल्या पाच वर्षांत पोटाच्या व्रणातून काढलेल्या गाठी मोजाव्यात, आणि प्रत्येकीपुढे तीनच गोष्टी लिहाव्यात: गाठीची जागा, डिस्चार्जचा कोड, एचपीईचे निदान. पॅथॉलॉजिस्ट सभासदांनी उलट्या बाजूने तेच करावे. त्यांच्याकडे रिपोर्ट आहेत, कोड नाहीत. कागद महिनाअखेरपर्यंत कार्यालयात पोचावा. पेशंटचे नाव, फोन, आयुष्मान कार्डाचा क्रमांक किंवा समरीची झेरॉक्स पाठवू नका. असा कागद आला तर न वाचता फाडला जाईल.