पाऊण तासाचा गोंधळ

टोल्किनच्या 'सिल्मरिलियन'ची (१९७७) सुरुवात एका गाण्यानं होते. जग अजून झालेलंच नाही. आयनूर नावाचे देवासारखे कुणी गातात, आणि पुढं घडणारा सगळा इतिहास त्या गाण्यात असतो. आधी गाणं, मग काळ. इंजिनिअरिंगला असताना हे वाचून मी इतका भारावलो होतो, की रूममेट मला टाळायला लागले.

तोच मी, थोरल्या भावाच्या लग्नाची एक्सेल शीट करताना 'गोंधळ' या ओळीपुढं लिहून मोकळा झालो: ८.१५ ते ९.००. हॉल दहाला रिकामा करायचा होता.

गोंधळी वेळेवर आले. चौक भरला, धान्यावर कलश मांडला, दिवटी पेटली, संबळ-तुणतुणं सुरू झालं. आधी गण, मग आवाहन. आवाहनात एकेका देवाला त्याच्या त्याच्या ठिकाणाहून बोलावतात. अंबाबाई झाली, तुळजाभवानी झाली, माहूरची रेणुका झाली. वाडी रत्नागिरीच्या जोतिबापर्यंत यादी आली तेव्हा मी लांबून नाईकांना मनगटावरचं घड्याळ दाखवलं. त्यांनी मान हलवली आणि उरलेले सगळे देव एका दमात उरकले. आख्यानाला दहा मिनिटं मिळाली. घरी जाताना गाडीत आजी एवढंच म्हणाली, "आपल्या गावदेवीला बोलवायचं ऱ्हायलं की रं."

मी देव मानत नाही. त्यामुळं गावदेवी आली की नाही, हा माझा प्रश्न नाही. पण जे उरकलं त्याला गोंधळ म्हणू नये, एवढं माझं म्हणणं आहे.

कारण गोंधळाचा मुख्य कच्चा माल रात्र आहे. नाईक कथा सांगतो, साथीदार त्याला मध्येच अडवतो, भलतंच विचारतो, लोक हसतात, कथा पुन्हा रुळावर येते. हे अडवणं म्हणजे पाल्हाळ नव्हे. वेळ ताणायचं ते तंत्र आहे. जांभूळ आख्यानात द्रौपदीच्या मनातलं कर्णाबद्दलचं गुपित उघडं पडतं. ते पहिल्या पाच मिनिटांत सांगून टाकता येईल, पण ऐकणाऱ्याला काही होणार नाही. दोन वाजता, पोरं मांडीवर झोपलेली असताना, चहाचा दुसरा कप पोटात असताना ते ऐकणं वेगळं. पहाटेच्या आरतीला जी माणसं उभी राहतात, ती संध्याकाळी येऊन बसलेली उरलेली नसतात. हे घडायला जेवढा वेळ लागतो, तेवढा लागतो. कॉम्प्रेस करून चालत नाही.

आता आक्षेप. पहिला: रात्रभर जागायला वेळ कुणाला आहे? आम्हाला आहे. प्रॉडक्शन रिलीजच्या रात्री आमची अख्खी टीम पहाटे पाचपर्यंत जागते, पिझ्झा मागवते, आणि दुसऱ्या दिवशी त्याच्या फुशारक्या मारते.

दुसरा: आवाजाचे नियम. बरोबरच आहे; २००० सालच्या नियमांप्रमाणं रात्री दहा ते सकाळी सहा लाऊडस्पीकर बंद. पण गोंधळ लाऊडस्पीकरपेक्षा जुना आहे. घरात, दारं लावून, माइकशिवाय करा.

तिसरा आक्षेप मात्र खरा आहे. पाऊण तासाचा कार्यक्रम गोंधळ्यांनाच परवडतो, एका संध्याकाळी दोन-तीन सुपाऱ्या होतात. गोंधळी समाज राज्याच्या भटक्या जमातींच्या यादीत आहे. माझ्या रसिकतेपायी त्यांनी उपाशी राहावं असं म्हणायचा मला अधिकार नाही. पण मग रात्रभराचे पैसे रात्रभरासारखे द्या. डीजेवाला सांगेल तो आकडा आपण मुकाट देतो आणि नाईकांशी पाचशे रुपयांवरून घासाघीस करतो. परवडत नाही ते आपल्या या हिशोबामुळं.

कोल्हापूरला वेळेची किंमत कळत नाही असंही नाही. नोव्हेंबर आणि जानेवारी-फेब्रुवारीत मावळतीचे किरण अंबाबाईच्या मूर्तीपर्यंत पोहोचतात, त्या काही मिनिटांसाठी गाव श्वास रोखून उभं राहतं. वाटेत एखादी इमारत आडवी आली तर केवढा ओरडा होतो! आणि व्हायलाच हवा. तिकडं काही मिनिटं अडली तर आंदोलनाची भाषा. इकडं अख्खी रात्र कापली, तर 'मॅनेजमेंट भारी होतं' म्हणून माझी पाठ थोपटली.

ज्यांना खरंच रात्र देता येत नाही, त्यांनी जोगवा म्हणावा, आरती करावी, जेवावं. त्यात काही कमीपणा नाही. फक्त पत्रिकेत गोंधळ छापू नये.

धाकट्या चुलतभावाचं लग्न ठरलंय. आजीकडून देवांची यादी लिहून घेतली, एकवीस भरले. गावदेवी पहिल्या पाचात आहे. गोंधळ घरीच, रात्री साडेनऊपासून. नाईकांना फोन करून पहाटेपर्यंतचे किती, असं विचारलं. त्यांनी दोनदा खात्री करून घेतली आणि मग आकडा सांगितला. डीजेच्या निम्माही नव्हता.