मित्रा, नमा आणि घरची पोर

विजय तेंडुलकरांचे ‘मित्राची गोष्ट’ हे नाटक १९८१ साली रंगभूमीवर आले. रोहिणी हट्टंगडी त्यात मित्रा झाल्या होत्या. स्वातंत्र्यापूर्वीचा काळ. कॉलेजात शिकणाऱ्या मित्राचा जीव नमा या मुलीवर जडतो. नमा तिच्याकडेही येते, दळवी नावाच्या मुलाकडेही जाते. शेवटी मित्रा जीव देते.

आम्हाला नमाच्या दग्याइतकाच बापू आठवतो. मित्राने मन मोकळे करावे असा तो एकच मित्र. घरात माणसे असून!

बारावी आणि नीटसाठी आपल्या पोरी लातूर-नांदेडच्या होस्टेलांत दोन-दोन वर्षे एका खोलीत राहतात. त्यांतली एखादी ईदला घरी येते आणि शीरखुर्म्याला हात न लावता भिंतीकडे तोंड करून पडते. अम्मी मोबाईल तपासते, मुलाचे नाव शोधते. नाही सापडले की ‘परीक्षेचं टेन्शन’. मैत्रिणीने तोडले असेल, हे डोक्यातच येत नाही. आले, तर घाईने रिश्ता शोधायचा!

दीन काय सांगतो ते त्या पोरीलाही ठाऊक असते. पण रडताना तिने सांगितलेले अमानत आहे. ते खालाला, फुफीला, ट्यूशनच्या सरांना सांगणे म्हणजे दुसरा दगा, तोही घरच्यांचा.

रात्री तिला एकटी सोडू नका. जगणे नको झाले असे बोलली, तर १४४१६ हा टेलिमानसचा सरकारी नंबर लावा. मोफत आहे, मराठीत बोलतात.