सांभाळणाऱ्याला ‘नाही’ म्हणता यावं

धारणी तालुक्यातलं हरिसाल ‘डिजिटल गाव’ म्हणून गाजलं, तेव्हा बोलबाला झाला तो जोडणीचा आणि यंत्रांचा. मात्र गावातला फोन असो की मुंबईतली बँक, त्यामागचं कितीतरी मुक्त सॉफ्टवेअर बिनपगारी माणसं सांभाळतात. फाइली लहान करणारं ‘एक्सझेड’ लासे कॉलिन जवळपास एकटे सांभाळत होते. मानसिक तब्येत साथ देत नाही, हे त्यांनी 2022 मध्ये उघड सांगितलं. तरी अनोळखी नावांचा तगादा थांबला नाही: सुधारणा लवकर घ्या, अधिकार दुसऱ्याला द्या. अधिकार मिळालेल्या ‘जिया टॅन’च्या नावाने 2024 मध्ये त्यात चोरवाट घुसवली गेली. ते सॉफ्टवेअर असलेल्या संगणकावर लॉगिनला अर्धा सेकंद जास्त का लागतो, हे प्रोग्रामर आंद्रेस फ्रॉइंड यांनी चिकाटीने शोधलं, म्हणून ती सापडली.

म्हणूनच स्वयंसेवकांच्या नियमावलीत नम्र उत्तरं, वेळेची शिस्त यांच्याआधी नकाराचा आणि सुट्टीचा हक्क हवा. जबाबदारी घेतली तर निभवावीच, असं कुणी म्हणेल. ते खरं, पण दमलेला माणूस घाईने किल्ल्या सोपवतो, तेव्हा वापरणारेच उघडे पडतात. नव्या हातांवर संशय धरावा, असं मुळीच नाही. अधिकार टप्प्याटप्प्याने द्यावेत, प्रत्येक आवृत्ती दुसऱ्या कुणी तपासावी आणि त्या तपासणीचे पैसे हे सॉफ्टवेअर फुकट वापरून नफा कमावणाऱ्या कंपन्यांनी मोजावेत.