दोन हैदराबाद

परवा पुण्याला बहिणीकडे गेले होते. तिथं आनंद पटवर्धनांचा 'वसुधैव कुटुंबकम्' हा २०२३चा माहितीपट पाहिला. 'राम के नाम', 'जय भीम कॉम्रेड' करणारा माणूस, म्हणजे पडद्यावर मोर्चे असणार, अशा तयारीनं बसले होते. निघाले त्यांचे आईवडील! थकलेले, एकमेकांची चेष्टा करणारे. ते म्हातारे होत चालले म्हणून मुलानं घरच्या घरी चित्रण सुरू केलं, चित्रपट करायचं तेव्हा डोक्यात नव्हतं. वडिलांचं नाव वासुदेव. शीर्षकात तोही श्लेष आहे.

काका म्हणजे रावसाहेब आणि बेचाळीसचे भूमिगत अच्युतराव पटवर्धन. आई निर्मलाबाई कुंभारकलेतल्या नामवंत, जन्म हैदराबादचा. हे ऐकून मी सावरून बसले. पण ते सिंधमधलं हैदराबाद, फाळणीनं परकं झालेलं. त्यांचे वडील भाई प्रताप यांनी निर्वासित सिंधींसाठी कच्छमध्ये गांधीधाम वसवलं.

आमचं हैदराबाद निराळं. माझं माहेर भैंसा, निजामाच्या राज्यात नांदेड जिल्ह्यातलं. १९५६ साली मुधोळ, भैंसा, कुभेर ही मंडळं आदिलाबादला जोडली गेली आणि घरातून न हलता आमची माणसं आंध्रात गेली. २०१४ला तेलंगणात, २०१६ला निर्मल जिल्ह्यात. घरात मराठी, बाजारात तेलुगू, जुन्या कागदांवर उर्दू. सून म्हणून भालकीला आले तर इथं कन्नड! (बिदर जिल्ह्याची वाटणीही त्याच वर्षीची. उदगीर-निलंगा तिकडे, औराद-भालकी इकडे. ते तुम्हाला मी काय सांगावं?)

१९४८ साली रझाकारांच्या भीतीनं आजी पैनगंगेपल्याड वऱ्हाडात, उमरखेडला जाऊन राहिली. ती गोष्ट ती रंगवून सांगायची. गाभण म्हैस मागं राहिली होती. सप्टेंबरात पोलीस ॲक्शन झाली, मग आजी परतली, तर म्हैस व्यालेली! शेजारच्या खालानं तिला आपल्या दावणीला बांधून वैरण घातली होती.

"आणि खाला?"

"गेल्या त्या."

कुठं, कशामुळं, असं विचारलं की आजी तांदूळ निवडायला घ्यायची.

पुढं एम.ए.ला असताना सुंदरलाल समितीबद्दल वाचलं. त्या कारवाईच्या वेळी आणि नंतर मुसलमानांवर सर्वांत जास्त अत्याचार झालेले जिल्हे समितीनं नोंदवले: उस्मानाबाद, गुलबर्गा, बिदर, नांदेड. अहवाल कित्येक दशकं दाबून ठेवला होता. आणि भैंसा तेव्हा नांदेडातच. आजीचे तांदूळ एवढे स्वच्छ का असायचे, ते त्या दिवशी कळलं.

घरात टेपरेकॉर्डर होता. मी त्यावर रेडिओवरची गाणी भरत बसले. पटवर्धनांनी आईला विचारलं, मी आजीला दुसऱ्यांदा विचारलं नाही.

पुण्याहून आल्यावर सासूबाईंसमोर मोबाइल ठेवला. वय सत्याऐंशी, तेव्हा दहा वर्षांच्या होत्या. आधी म्हणाल्या, "चहा टाक." मग मराठीत सुरुवात केली आणि शेजारच्या घराचा विषय आला तशा कन्नडमध्ये गेल्या. मला सगळं समजलं नाही. पण मी थांबवलं नाही.