कोवळ्या वयाचा शब्द

पंचविशीच्या आतबाहेरच्या वयाला गाढवाची जोड देण्याची कल्पना मराठी, हिंदी आणि गुजराती या तिन्ही भाषांत रुजली आहे. 'गद्धेपंचविशी' या शब्दाला कोणा कवीचे नाव चिकटलेले नाही. तो लोकांच्या तोंडी घडला आणि लोकांच्याच मालकीचा राहिला. इंग्रजीत याच वयासाठी 'सॅलड डेज' असा शब्दप्रयोग आहे. त्याचा जन्मदाखला मात्र उपलब्ध आहे. तो कोणत्या नाटकात, कोणत्या अंकात आणि कोणाच्या तोंडून प्रथम आला हे नेमके सांगता येते. एका कवितेच्या ओळीतून सुटून तो बाजारात आला, आणि बाजारात आलेल्या नाण्याप्रमाणे झिजतही गेला.

नाटक शेक्सपिअरचे, 'अँटनी अँड क्लिओपात्रा'. ते १६०६-०७ च्या सुमारास लिहिले गेले असे मानतात. छापून आले १६२३ मध्ये, म्हणजे नाटककाराच्या मृत्यूनंतर सात वर्षांनी. पहिल्या अंकाच्या शेवटी इजिप्तची राणी क्लिओपात्रा अलेक्झांड्रियात एकटी आहे. अँटनी रोमला गेला आहे आणि तिला करमत नाही. चार्मियन नावाच्या आपल्या दासीला ती विचारते की, पूर्वी ज्युलियस सीझरवर तरी मी एवढे प्रेम केले होते काय. दासी खट्याळ आहे. ती सीझरचेच गुणगान सुरू करते. राणी भडकते, दात पाडण्याची धमकी देते. दासी क्षमा मागते, पण जाता जाता सुचवते की हे गुणगान तिचे नाहीच, राणीनेच एके काळी केलेले ती फक्त परत म्हणते आहे. राणीचा जुना शब्दच तिच्याविरुद्ध साक्षीला उभा राहतो. तेव्हा राणी सारा दोष आपल्या तेव्हाच्या कोवळ्या वयावर टाकते आणि त्या वयाला पानांच्या कच्च्या कोशिंबिरीची उपमा देते. पुढे पिढ्यान्‌पिढ्या लोकांनी कौतुकाने उचललेला हा शब्दप्रयोग मुळात दिलेला शब्द नाकारण्यासाठी वापरलेली सबब आहे, ही गोष्ट ध्यानात ठेवण्याजोगी आहे.

कल्पनेचा कच्चा माल शेक्सपिअरने प्लूटार्ककडून घेतला. प्लूटार्कच्या चरित्रांचे टॉमस नॉर्थने केलेले इंग्रजी भाषांतर १५७९ मध्ये निघाले होते. सीझरला भेटली तेव्हा क्लिओपात्रा अजाण मुलगी होती आणि अँटनीकडे गेली ती रूप व बुद्धी दोन्ही परिपक्व झाल्यावर, असा फरक प्लूटार्कने केला आहे. इतिहासाच्या हिशेबाने पहिल्या भेटीच्या वेळी, इसवी सनापूर्वी ४८ मध्ये, ती सुमारे एकवीस वर्षांची होती. अजाणपणाची गोष्ट चरित्रकाराची. तिला भाजीच्या ताटात वाढणे हे कवीचे काम.

'सॅलड' हा शब्द मिठासाठी असलेल्या लॅटिन शब्दावरून आला आहे. मीठ लावलेली पाने, असा त्याचा मूळ अर्थ. पगाराला इंग्रजीत 'सॅलरी' म्हणतात, त्याचेही मूळ तेच मीठ. पर्वतिथीला हिरवी भाजी वर्ज्य करणाऱ्या घरांना ही उपमा थोडी परकी वाटेल. पण कच्च्या पानांचे तीन गुण कोणाच्याही सहज ध्यानात येतात: ती हिरवी असतात, चुलीवर चढलेली नसतात आणि थंड असतात. राणीच्या बोलण्यात हिरवेपणा आहे तो समजेचा आणि थंडपणा आहे तो रक्ताचा. येथे मराठी वाचक अडखळतो. आपल्याकडे तरुणांचे रक्त सळसळते, उसळते, गरम असते; थंड पडते ते वयोवृद्धांचे. क्लिओपात्रेचे म्हणणे याच्या अगदी उलट आहे. तरुणपणी मला प्रेमाची ऊब ठाऊकच नव्हती, ती आज वाढत्या वयात कळली, असे तिला सुचवायचे आहे. लोकांनी या उपमेतला हिरवेपणा ठेवून घेतला आणि थंडपणा टाकून दिला. ओळीचा वाक्प्रचार होतो तो असाच: ज्याचा अनुभव सर्वांना आहे तेवढे उरते, आणि जे त्या एकाच पात्राचे असते ते गळून जाते.

हा शब्दप्रयोग छापल्याबरोबर पसरला असेही नाही. दोन शतकांहून अधिक काळ तो जवळजवळ निद्रिस्त राहिला. एकोणिसाव्या शतकात शेक्सपिअर घरोघर वाचला जाऊ लागला तेव्हा तो लेखकांच्या आणि वक्त्यांच्या हाती आला. १९५४ मध्ये ज्युलियन स्लेड आणि डोरोथी रेनल्ड्स यांनी याच नावाचे एक हलकेफुलके संगीत नाटक रंगभूमीवर आणले. लंडनमध्ये त्याचे दोन हजारांहून अधिक प्रयोग झाले, आणि ज्यांनी मूळ नाटक कधी उघडले नव्हते त्यांच्याही तोंडी हे दोन शब्द बसले.

इंग्रजी शब्दप्रयोगांचे कठोर परीक्षक फाउलर यांना मात्र तो मुळीच आवडत नसे. १९२६ मधील आपल्या भाषाकोशात त्यांनी विचारले आहे की, तारुण्य भाजीसारखे कच्चे असते म्हणून ही उपमा, की तारुण्याला चमचमीत आवडते म्हणून, की दूध बाळाचे, तसा हा पाला तरुणांचा आहार म्हणून? वापरणाऱ्यांपैकी फार थोड्यांना हे सांगता येईल, आणि तसे असेल तर हे शब्द माणसांपेक्षा पोपटांना अधिक शोभतील, असा त्यांचा शेरा आहे. 'पोपटपंची' हा मराठी शब्द फाउलरना ठाऊक असता तर त्यांनी तो नक्कीच आनंदाने वापरला असता. तरीही त्यांचा निवाडा जरा कडकच म्हणावा लागेल. 'मिच्छा मि दुक्कडं' हे शब्द प्रतिक्रमणाच्या सूत्रातून बाहेर पडून संवत्सरीच्या संदेशांत आले. पाठवणाऱ्या प्रत्येकाला त्यांची व्युत्पत्ती सांगता येत नाही. म्हणून सगळ्याच क्षमायाचना खोट्या ठरत नाहीत. तुकोबांनी देवाकडे लहानपण मागितले ते नम्रतेच्या अर्थाने, मोठेपणाबरोबर येणारा मार चुकावा म्हणून. आज शाळेच्या स्नेहमेळाव्यात पन्नाशीचे विद्यार्थी तीच ओळ बालपणाच्या आठवणीने म्हणतात. अर्थ बदलला, पण ओळ जिवंत राहिली. अमेरिकेत तर 'सॅलड डेज' म्हणजे कच्चेपणाचे नव्हे, भरभराटीचे दिवस असाही अर्थ रूढ झाला आहे. एखादी कंपनी किंवा खेळाडू ऐन उमेदीत होता तो काळ. क्लिओपात्रेने ज्या दिवसांकडे पाठ फिरवली, त्यांच्याकडेच आता हळहळून पाहिले जाते.

या शब्दांचा सर्वांत लक्षात राहणारा वापर एका दुसऱ्या राणीने केला. २१ एप्रिल १९४७ रोजी, आपल्या एकविसाव्या वाढदिवशी, ब्रिटनच्या राजकन्या एलिझाबेथ यांनी दक्षिण आफ्रिकेतील केपटाऊनहून रेडिओवर भाषण केले. आपले आयुष्य दीर्घ असो वा अल्प, ते सेवेसाठीच असेल, अशी प्रतिज्ञा त्यांनी केली. पाच वर्षांनी त्या राणी झाल्या. १९७७ मध्ये कारकिर्दीच्या रौप्यमहोत्सवानिमित्त लंडनच्या गिल्डहॉलमध्ये बोलताना त्यांनी त्या प्रतिज्ञेची आठवण काढली आणि क्लिओपात्रेचेच शब्द घेतले: प्रतिज्ञा केली तेव्हा आपले ते सॅलडचे दिवस होते. मात्र पुढे त्या जे बोलल्या ते क्लिओपात्रेच्या नेमके विरुद्ध होते. त्या प्रतिज्ञेतील एका शब्दाचाही आपल्याला पश्चात्ताप नाही आणि एकही शब्द आपण मागे घेत नाही, असे त्यांनी सांगितले. फेब्रुवारी २०२२ मध्ये, वयाच्या पंचाण्णवाव्या वर्षी, १९४७ ची तीच प्रतिज्ञा त्यांनी पुन्हा उच्चारली. दोन्ही राण्यांचे ते वय एकच, एकविशीचे. एकीने तेव्हाचा आपला शब्द वयाच्या नावावर टाकून दिला, दुसरीने वयाची कबुली देऊन तो सोडवून घेतला.

व्यापारी घरांत हा प्रश्न काव्याचा राहत नाही, कारण तेथे शब्दावर पत उभी असते. कायद्यालाही त्याचे उत्तर द्यावे लागले आहे. अठरा वर्षांखालील व्यक्तीला मराठी दस्तऐवजांत 'अज्ञान' म्हणतात आणि त्यावरील व्यक्तीला 'सज्ञान'; सातबाराच्या उताऱ्यावर 'अ.पा.क.', म्हणजे अज्ञान पालनकर्ता, ही अक्षरे पुष्कळांनी पाहिली असतील. कवीला जे सांगायला एक उपमा लागली ते आपल्या कारकुनी भाषेने एका शब्दात उरकले आहे. कलकत्त्यात धर्मोदास घोष या अज्ञान मुलाने वीस हजार रुपयांसाठी आपली मालमत्ता सावकाराकडे गहाण ठेवली होती. १९०३ मध्ये प्रिव्ही कौन्सिलने निवाडा दिला की १८७२ च्या करार कायद्याप्रमाणे अज्ञानाचा करार मुळातच रद्दबातल आहे. सावकाराची रक्कम गेली ती गेलीच. येथे कायदा क्लिओपात्रेच्या बाजूचा.

भागीदारीच्या बाबतीत मात्र तो इतका उदार नाही. १९३२ च्या भागीदारी कायद्याच्या कलम ३० प्रमाणे अज्ञान मुलाला, सर्व भागीदारांच्या संमतीने, पेढीच्या केवळ लाभात सामील करून घेता येते. तोवर पेढीच्या देण्यांसाठी फक्त त्याचा हिस्सा अडकतो, तो स्वतः नाही. सज्ञान झाल्यावर, किंवा आपण लाभात सामील आहोत हे त्याला नंतर कळले तर तेव्हापासून, सहा महिन्यांच्या आत त्याने जाहीर नोटीस देऊन सांगायचे असते की तो भागीदार होणार आहे की नाही. वडीलधारी मंडळी बहुधा ही नोटीस विसरतात. घरचीच पेढी, त्यात काय सांगायचे, असा भाव असतो. पण मुलगा गप्प राहिला तर सहा महिने सरताच कायदा त्याला भागीदार धरतो. आणि तो ज्या दिवशी प्रथम लाभात सामील झाला, त्या दिवसापासून पेढीने केलेल्या सर्व व्यवहारांसाठी तिऱ्हाइतांना तो व्यक्तिशः जबाबदार ठरतो. मग ते व्यवहार झाले तेव्हा तो शाळेत पाढे म्हणत असला तरीही.